न सापडलेल्या पोथीचा नाद : ‘सुवर्ण उपदेशां’चा ग्रंथ आणि पालि तिपिटकाची साक्ष

भारतात लुप्त झालेले आणि देशाबाहेर टिकून राहिलेले बौद्ध ग्रंथ ही काही कल्पित गोष्ट नव्हे. नागार्जुन, असंग, वसुबंधू, दिङ्नाग यांच्या कितीतरी ग्रंथांच्या मूळ प्रती या भूमीत उरल्या नाहीत. ते ग्रंथ आपणांस तिबेटी आणि चिनी अनुवादांतूनच ज्ञात झाले. म्हणून ‘तिबेटातील एखाद्या मठात एक अतिप्राचीन बौद्ध पोथी आहे’ असे कोणी म्हटले, तर ते ऐकताक्षणी हसण्यावारी नेणे अभ्यासकास शोभणारे नाही. त्याचप्रमाणे, तसे कोणी म्हटले एवढ्यावरून ते स्वीकारणेही शोभणारे नाही. कसोटी लावल्यावाचून स्वीकारही नको आणि धिक्कारही नको, ही शिकवण खुद्द तथागतांचीच आहे.

प्रस्तुत लेखात आम्ही अशाच एका ग्रंथाचा विचार करणार आहोत. अंतरंगात उमटणारा गूढ नाद आणि त्या नादाच्या पायऱ्यांनी होणारे साधकाचे आरोहण हा या ग्रंथाचा विषय. तो बौद्ध आहे, प्राचीन आहे आणि आजवर गुप्त राखलेला आहे, असे सांगण्यात आले. सव्वाशेहून अधिक वर्षे तो जगभर वाचला जात आहे. अलीकडे भ्रमणध्वनीवर फिरणाऱ्या चित्रफितींतून ‘बुद्धांची गुप्त नादविद्या’, ‘प्राचीन बौद्ध स्पंदनशास्त्र’ अशा मथळ्यांखाली जे काही आपल्या घराघरांत पोहोचत आहे, त्यातील कल्पनांचे एक उगमस्थान हा ग्रंथ आहे. तेव्हा त्याची छाननी करणे हे केवळ ग्रंथालयीन काम राहिलेले नाही.

१. ग्रंथाचा अवतार

हेलेना पेट्रोव्हना ब्लाव्हाट्स्की या रशियन साम्राज्यात १८३१ साली जन्मलेल्या बाईंनी कर्नल हेन्री स्टील ऑलकॉट यांच्यासह १८७५ मध्ये न्यूयॉर्क येथे थिऑसॉफिकल सोसायटी स्थापन केली. फेब्रुवारी १८७९ मध्ये उभयता मुंबईस आले. ऑक्टोबर १८७९ पासून ‘द थिऑसॉफिस्ट’ हे मासिक मुंबईहून निघू लागले. मे १८८० मध्ये त्या दोघांनी सिंहलद्वीपात गाले येथे पंचशील ग्रहण केले. १८८२ च्या अखेरीस संस्थेचे मुख्यालय मद्रासजवळील अड्यार येथे गेले. १८८५ मध्ये बाईंनी हिंदुस्थान सोडला तो कायमचा. पुढे लंडन येथे १८८८ मध्ये त्यांचा ‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’ हा प्रचंड ग्रंथ प्रसिद्ध झाला आणि १८८९ मध्ये ‘द व्हॉइस ऑफ द सायलेन्स’ म्हणजे ‘मौनाचा ध्वनी’ हे छोटेखानी पुस्तक. ८ मे १८९१ रोजी त्यांचे निधन झाले.

‘मौनाचा ध्वनी’ हे पुस्तक आपली स्वतंत्र रचना असल्याचे बाईंनी म्हटलेले नाही. प्रस्तावनेत त्या सांगतात की, ‘सुवर्ण उपदेशांचा ग्रंथ’ नावाच्या एका प्राचीन संग्रहातील हे तीन उतारे आहेत. त्या संग्रहात सुमारे ९० लहान प्रकरणे असून त्यांपैकी ३९ आपण पाठ केली होती; काही प्रकरणे तर बुद्धपूर्व काळातील आहेत; मूळ उपदेश पातळ आयताकृती पट्टिकांवर कोरलेले असून त्यांच्या प्रती चकत्यांवर असतात आणि त्या योगाचार परंपरेच्या मठांतील वेदींवर जपून ठेवलेल्या असतात. ‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’चा आधार म्हणून सांगितलेला ‘झ्यानचा ग्रंथ’ याच मालिकेतला, असेही त्या म्हणतात. नागार्जुनांना नागांकडून ग्रंथ मिळाले ही महायान परंपरेतील आख्यायिका त्यांनी येथे आणली आणि आपल्या पोथीचा उगमही तेथेच असल्याचे सूचित केले. ‘झ्यान’च्या मूळ भाषेस त्यांनी ‘सेन्झार’ असे नाव दिले.

ग्रंथाचा आरंभच नादाने होतो. जो नाद कानांनी ऐकू येत नाही तो ऐकण्याची इच्छा धरणाऱ्याने प्रथम धारणेचे स्वरूप जाणावे, असे तेथे सांगितले आहे. पुढे अंतरात उमटणाऱ्या सात ध्वनींची चढती पायरी येते : नाइटिंगेल पक्ष्याचा विरहस्वर, रुपेरी झांज, शंखात कोंडलेल्या समुद्राचा विलाप, वीणा, वेळूची बासरी, तुतारी आणि अखेरीस मेघगर्जना. हा अंतिम ध्वनी बाकी सर्व ध्वनींना गिळून टाकतो, मग तेही ऐकू येईनासे होतात आणि शिष्य गुरुतत्त्वाशी एकरूप होतो.

२. पोथी कोठे आहे?

इतिहासाचा विद्यार्थी प्रथम विचारतो तो प्रश्न साधा असतो : पोथी कोठे आहे? तिची पाने किती? लिपी कोणती? कोणत्या सूचीत तिची नोंद आहे?

तिबेटी बौद्ध वाङ्मय हे जगातील उत्तम रीतीने सूचिबद्ध झालेल्या वाङ्मयांपैकी एक आहे. बुद्धवचनांचा संग्रह ‘कंजूर’ आणि आचार्यांच्या ग्रंथांचा संग्रह ‘तंजूर’ यांच्या अनेक मुद्रित आवृत्त्या आहेत आणि त्यांतील ग्रंथन् ग्रंथ क्रमांकाने सांगता येतो. १९५९ नंतर तिबेटी भिक्षूंनी मोठ्या कष्टाने भारतात आणलेल्या पोथ्या, तसेच गेल्या काही दशकांत झालेल्या छायांकित प्रती यांमुळे हे भांडार अधिकच खुले झाले आहे. परंतु ‘सुवर्ण उपदेशां’ची पट्टिका वा चकती, अथवा ‘सेन्झार’ भाषेतील एक शिलालेख, एक पान, एक शब्दकोश अभ्यासकांपुढे आलेला नाही.

प्रत नाही म्हणून ग्रंथ नव्हताच, असा निष्कर्ष कोणी घाईचा म्हणेल. ते मान्य करून आपण ग्रंथाच्या अंतरंगाकडे वळू. ग्रंथ कोणत्या काळी व कोणत्या हाताने घडला, हे त्याची भाषाच पुष्कळदा सांगून जाते.

या ग्रंथाच्या पहिल्याच वाक्यात ‘इद्धि’ हा पालि शब्द येतो आणि लगेच ‘नाद’, ‘धारणा’ हे योगशास्त्रातील संस्कृत शब्द येतात. तिबेटी मठांची परंपरा संस्कृतातून आली. तेथील योगाचार पंथाच्या पोथीत ‘ऋद्धि’ असावयास हवे. ‘इद्धि’ हे रूप सिंहली व ब्रह्मी परंपरेच्या पालि वाङ्मयाचे. पालि आणि संस्कृत रूपे अशी सरमिसळ झालेली आढळतात ती प्राचीन पोथीत नव्हे, तर दोन्ही परंपरांची इंग्रजी भाषांतरे शेजारी शेजारी ठेवून वाचणाऱ्या १९ व्या शतकातील वाचकाच्या टाचणांत.

तिसऱ्या उताऱ्यातील ‘सात द्वारे’ पाहा : दान, शील, क्षांती, विराग, वीर्य, ध्यान, प्रज्ञा. महायानात पारमिता सहा आहेत, पुढे त्यांची संख्या दहापर्यंत वाढविण्यात आली. पालि परंपरेत दान, सील, नेक्खम्म, पञ्ञा, विरिय, खन्ति, सच्च, अधिट्ठान, मेत्ता, उपेक्खा अशा दहा आहेत. येथे सहांच्या मधोमध ‘विराग’ घालून सात केल्या आहेत. थिऑसॉफीच्या विचारसरणीत माणसाची तत्त्वे सात, मूळ वंश सात, सृष्टीची चक्रे सात. म्हणून पारमिताही सात.

३. सात नाद कोठून आले?

नादाच्या पायऱ्या ही बौद्धांची वस्तू नव्हे. हंसोपनिषदात अंतर्नादाचे दहा प्रकार सांगितले आहेत : चिणी, चिंचिणी, घंटा, शंख, तंत्री, ताल, वेणू, मृदंग, भेरी आणि मेघ. पहिले नऊ सोडून दहाव्याचा अभ्यास करावा, असे तेथे म्हटले आहे. वरील सात ध्वनींशी ही यादी ताडून पाहावी. शंख, वीणा, वेणू, रणवाद्य आणि मेघगर्जना हा क्रम दोन्हीकडे तोच आहे. झांज तेवढी वर सरकली आहे आणि आरंभी युरोपीय काव्यातील लाडका पक्षी येऊन बसला आहे. नादबिंदू उपनिषद आणि सुमारे १५ व्या शतकातील स्वात्मारामाची ‘हठयोगप्रदीपिका’ यांतही समुद्र, मेघ, भेरी, शंख, घंटा, वीणा, वेणू, भ्रमर असे नाद येतात. खुद्द बाईंनीच आपल्या टीपांत कुंभकोणम् येथील थिऑसॉफिस्टांनी केलेल्या नादबिंदू उपनिषदाच्या भाषांतराचा हवाला दिला आहे. म्हणजे उगमाकडे नेणारी पावले त्यांच्या पुस्तकातच उमटलेली आहेत.

दुसरे पाऊल तर महाराष्ट्राकडे येते. प्रस्तावनेत बाई म्हणतात की, या उपदेशांतील कल्पना ‘ज्ञानेश्वरी’सारख्या संस्कृत ग्रंथांत आणि काही उपनिषदांत वेगळ्या रूपाने आढळतात. ज्ञानेश्वरी संस्कृत नाही, हे मराठी शाळेतील मूलही सांगेल. शके १२१२ म्हणजे १२९० मध्ये रचलेला हा मराठी ग्रंथ आहे आणि त्याच्या सहाव्या अध्यायातील कुंडलिनीचे वर्णन नाथपंथीय योगपरंपरेतले आहे. हा अध्याय इंग्रजी वाचकांपुढे अंशतः आला तो ‘द ड्रीम ऑफ रावण’ या लेखमालेतून. ती ‘डब्लिन युनिव्हर्सिटी मॅगझिन’मध्ये १८५३-५४ साली निघाली होती. मुंबईत तीन-चार वर्षे राहूनही ज्यांना ज्ञानेश्वरीची भाषा कोणती हे ठाऊक नव्हते, त्यांनी ती मुळातून नव्हे, इंग्रजी उताऱ्यांतून वाचली असणार, हे उघड आहे. मग तिबेटी मठातील गुप्त बौद्ध उपदेश आणि मराठीतील नाथपंथीय योगवर्णन यांच्यात साम्य का दिसावे, याचे उत्तर हिमालयात शोधण्याची आवश्यकता उरत नाही.

या साम्याचे बाईंनी दिलेले कारणही पाहण्याजोगे आहे. गौतम बुद्धांचे आद्य अनुयायी असलेले श्रेष्ठ अर्हत् हे हिंदू व आर्य होते, विशेषतः जे तिबेटात स्थलांतरित झाले ते, असे त्या म्हणतात. इतिहास असा की, तिबेटात बौद्ध धम्माचा राजाश्रयाने प्रवेश झाला तो इसवी सनाच्या ७ व्या शतकात, स्रोंग्-चन्-गम्पोच्या काळी. बुद्धांच्या आद्य अनुयायांपासून त्या काळापर्यंत हजार वर्षांचे अंतर आहे. राहता राहिले ते अर्हत् ‘हिंदू’ असल्याचे विधान. न्हाव्याचे काम करणारा उपालि, निर्माल्य उचलणारा सुनीत, भिक्षुसंघात आलेले व्यापारी, राजपुत्र, ब्राह्मण आणि पूर्वायुष्यात दरोडेखोर असलेला अंगुलिमाल, या सर्वांची जुनी ओळख संघात येताना, नद्या समुद्रास मिळताना त्यांची नावे गळून पडावीत तशी, गळून पडली. त्यांना पुन्हा ‘हिंदू’ म्हणून नोंदवणे म्हणजे संघाचा इतिहासच पुसणे होय.

विल्यम एमेट कोलमन या अमेरिकन अभ्यासकाने १८९५ मध्येच बाईंच्या ग्रंथांच्या उगमांवर निबंध लिहून दाखवून दिले होते की, त्यांचे साहित्य युरोपीय पंडितांच्या तत्कालीन पुस्तकांतून गोळा झालेले आहे. कोलमन त्यांचा प्रतिस्पर्धी होता, हे विसरता येत नाही. १८८५ मध्ये लंडनच्या मानसशोधन संस्थेच्या हॉजसन अहवालाने बाईंवर कपटाचा ठपका ठेवला, तर १९८६ मध्ये त्याच संस्थेच्या नियतकालिकात व्हर्नन हॅरिसन यांनी त्या अहवालाच्या पद्धतीवर कठोर टीका केली, हेही नमूद केले पाहिजे. आमचा युक्तिवाद बाईंच्या चारित्र्यावर उभा नाही. तो ग्रंथातील शब्दांवर उभा आहे.

४. स्पंदनाची भाषा

‘झ्यान’च्या पद्यांत विश्वाच्या आरंभी स्पंदन आहे. आज जे ‘बौद्ध स्पंदनशास्त्र’ म्हणून सांगितले जाते त्याचा सूर येथून लागलेला आहे. परंतु स्पंदन हा त्या काळच्या युरोपीय विज्ञानातील परवलीचा शब्द होता. हेल्महोल्ट्झचा स्वरसंवेदनेवरील ग्रंथ १८६३ चा आणि टिंडलची ध्वनीविषयक व्याख्याने १८६७ ची. प्रकाश, उष्णता, ध्वनी या सर्वांस कंपनाच्या रूपाने समजून घेण्याचा तो काळ. आणि ज्या सर्वव्यापी ‘ईथर’मध्ये प्रकाशाची कंपने होतात असे मानले जाई, तो ईथर पुढे विज्ञानानेच टाकून दिला.

‘द सीक्रेट डॉक्ट्रिन’मध्ये फिलाडेल्फियाच्या जॉन वॉरेल कीली याच्यावर संपूर्ण प्रकरण आहे. स्वरांच्या सहानुभूतिक स्पंदनांतून अमर्याद शक्ती निर्माण करणारे यंत्र आपण शोधले, असा कीलीचा दावा होता. त्यासाठी भागधारकांकडून वर्षानुवर्षे पैसा घेण्यात आला. १८९८ मध्ये त्याच्या मृत्यूनंतर प्रयोगशाळा तपासली तेव्हा तळघरात दाबलेल्या हवेची मोठी टाकी आढळली. प्राचीन पोथीच्या भाष्यात १९ व्या शतकातील असा समकालीन दावा आदराने येतो, तेव्हा पोथीचे वय आपोआप कळते.

५. तिपिटकाची साक्ष

आता मुख्य प्रश्न. पोथी अर्वाचीन असली, तरी तिच्यातील उपदेश बुद्धांचा असू शकेल काय? यासाठी तथागतांनी भोगनगर येथे चार महापदेस सांगितले आहेत. कोणी म्हणेल, मी हे बुद्धमुखातून ऐकले. कोणी म्हणेल, एका संघाकडून, अनेक थेरांकडून अथवा एका थेराकडून ऐकले. त्याचे अभिनंदनही करू नये, निंदाही करू नये. ती वचने सुत्त आणि विनय यांच्याशी ताडून पाहावीत आणि जुळली तरच स्वीकारावीत. आपणही तसेच ताडून पाहू.

दीघनिकायातील महालि सुत्त वैशालीच्या महावनात घडते. सुनक्खत्त नावाच्या लिच्छवीने तथागतांच्या सान्निध्यात तीन वर्षे घालविली. त्याला दिव्य रूपे दिसत, परंतु दिव्य शब्द ऐकू येत नसत. हे शब्द आहेत की नाहीत, असे महालि विचारतो. तथागत ते नाकारीत नाहीत. ते समाधीच्या विशिष्ट भावनेने ऐकू येतात, असे सांगतात. मग महालिचा पुढचा प्रश्न येतो : भिक्षू यासाठीच ब्रह्मचर्य पाळतात काय? उत्तर निःसंदिग्ध आहे. यासाठी नव्हे, याहून श्रेष्ठ अशा गोष्टींसाठी, म्हणजे संयोजने तोडण्यासाठी आणि आस्रवांच्या क्षयासाठी, आणि त्याचा मार्ग आर्य अष्टांगिक मार्ग हाच आहे. दिव्य नाद येथे ध्येय तर नाहीच, पायरीही नाही.

अंगुत्तरनिकायातील कण्टक सुत्तात दहा ‘काटे’ सांगितले आहेत. त्यांत प्रथम ध्यानाचा काटा म्हणजे शब्द. लिच्छवींच्या रथांचा गलबला टाळण्यासाठी थेर भिक्षू गोसिंग सालवनात निघून गेले, तेव्हा तथागतांनी त्यांची प्रशंसा केली. हाच प्रश्न पुढे अभिधम्मात वादविषय झाला. समापत्तीत असलेला मनुष्य शब्द ऐकतो, असे काहींचे मत होते. अट्ठकथेनुसार ते पुब्बसेलियांचे. कथावत्थूने त्याचे खंडन केले. म्हणजे ध्यानातील नादश्रवणाचा प्रश्न प्राचीन बौद्धांपुढे आला होता, त्यावर उघड वाद झाला होता आणि त्याचा लेखी निर्णयही आपल्याजवळ आहे.

महापरिनिब्बान सुत्तातील एक प्रसंग तर या ग्रंथाच्या सातव्या नादाला जणू उत्तर म्हणूनच ठेवावा असा आहे. पुक्कुस मल्लपुत्त आपल्या गुरूचे, आळार कालामाचे, कौतुक सांगतो की, जागृत असूनही त्यांना जवळून गेलेल्या पाचशे गाड्यांचा आवाज आला नाही. तेव्हा तथागत आतुमा येथील घटना सांगतात. मुसळधार पाऊस, विजा, कडकडाट. दोन शेतकरी भाऊ आणि चार बैल वीज पडून मेले. आणि जवळच्या खळ्यात सचेत व जागृत असलेल्या तथागतांनी ते पाहिले नाही, ऐकले नाही. गूढ ग्रंथातील साधक अंतरात मेघगर्जना ऐकून धन्य होतो. तथागतांच्या शांत चित्तात खऱ्या मेघगर्जनेलाही जागा नव्हती.

आणि नादाचे स्वरूप? संयुत्तनिकायाच्या सळायतन वर्गात एका राजाची उपमा आहे. वीणेचा मोहक स्वर ऐकून राजा म्हणतो, मला तो स्वर आणून द्या. लोक वीणा आणतात. राजा वीणेचे दहा तुकडे करतो, शंभर करतो, जाळतो, राख वाऱ्यावर उधळतो. स्वर सापडत नाही. खोका, कातडे, दांडा, तारा आणि वाजविणाऱ्याचा यत्न यांच्या संयोगाने स्वर उत्पन्न होतो; तो आत कोठे दडलेला नसतो. तसेच पाच खंध शोधून पाहिले, तर ‘मी’ आणि ‘माझे’ सापडत नाही. नादाच्या मागे शाश्वत तत्त्व शोधणाऱ्यांस प्रतीत्यसमुत्पादाने दिलेले हे उत्तर आहे.

६. नाद आणि अधिकार

येथे कोणी विचारील : नाद गूढ मानला तर बिघडले काय? ज्याला त्यातून शांती मिळते त्याला ती मिळू द्यावी.

वैयक्तिक शांतीचा प्रश्न असता, तर आम्ही लेखणी उचलली नसती. परंतु या देशात ध्वनीच्या पावित्र्याचा सिद्धांत कधीच निरुपद्रवी नव्हता. शब्द नित्य आहे, वेद अपौरुषेय आहे, त्याचे सामर्थ्य अर्थात नसून उच्चारात आहे, असे एकदा मानले की, उच्चार कोणी करावा आणि ऐकावा कोणी हे ठरविणारा वर्गही आलाच. वेद ऐकणाऱ्या शूद्राच्या कानांत कथील व लाख वितळवून ओतावी, उच्चारल्यास जीभ छाटावी, असे गौतमधर्मसूत्र सांगते. ज्या समाजाच्या पूर्वजांचे कान या सिद्धांताने बंद केले, त्या समाजाने ‘गुप्त नाद’ हा शब्द ऐकताच सावध झाले पाहिजे.

तथागतांचा मार्ग याच्या नेमका उलट होता. परिनिर्वाणापूर्वी आनंदांस त्यांनी सांगितले की, आतले आणि बाहेरचे असा भेद न करता आपण धम्म सांगितला. तथागताजवळ ‘आचरियमुट्ठि’, म्हणजे गुरूने मिटून ठेवलेली मूठ, नाही. हे सुत्त ऱ्हीस डेव्हिड्स यांच्या अनुवादाने १८८१ मध्येच इंग्रजीत आले होते. म्हणजे ‘गुप्त बौद्ध धम्मा’ची पुस्तके निघण्यापूर्वी त्यांचे खंडन छापून झाले होते. मॅक्सम्युलर यांनीही १८९३ मध्ये लेख लिहून बौद्ध धम्मात असे गुप्त अंग नसल्याचे प्रतिपादिले.

विनयपिटकातील चुल्लवग्गात दोन प्रसंग आहेत. ब्राह्मण कुळात जन्मलेल्या, मधुर कंठाच्या दोन भिक्षू-बंधूंनी बुद्धवचन छंदोबद्ध करण्याची परवानगी मागितली. तथागतांनी ती नाकारली आणि बुद्धवचन ‘सकाय निरुत्तिया’ शिकण्याची अनुज्ञा दिली. या शब्दांचा अर्थ ‘स्वतःच्या बोलीत’ की ‘बुद्धांच्या बोलीत’ याविषयी अट्ठकथा आणि आधुनिक पंडित यांत मतभेद असले, तरी छांदस उच्चाराचे बंधन नाकारले, यात मतभेद नाही. दुसऱ्या प्रसंगी लांबवलेल्या गीतस्वरात धम्म म्हणण्याचे पाच दोष सांगितले : म्हणणारा स्वरात आसक्त होतो, ऐकणारे आसक्त होतात, गृहस्थ नावे ठेवतात, समाधी भंगते आणि पुढची पिढी तेच गिरविते. साध्या स्वरातील पठणास मात्र अनुमती दिली.

म्हणून विहारातील आमची वंदना आणि परित्तपाठ यांना या विवेचनाने बाध येत नाही. मिलिंदपञ्हात नागसेन थेर सांगतात की, कर्माचा अडथळा, क्लेशाचा अडथळा आणि श्रद्धेचा अभाव असेल, तर परित्त रक्षण करीत नाही. रक्षण ध्वनीच्या कंपनात असते, तर ऐकणाऱ्याच्या चित्ताचा आणि आचरणाचा संबंध उरला नसता. पंचशील म्हणताना महत्त्व आहे ते अर्थाला आणि त्यानंतरच्या वर्तनाला.

७. खरी पोथी

तिबेटातून खरोखर आलेल्या पोथीचा इतिहास याच्या शेजारी ठेवणे उद्बोधक होईल. महापंडित राहुल सांकृत्यायन यांनी १९२९ ते १९३८ या काळात तिबेटच्या चार यात्रा केल्या. मठांत धूळ खात पडलेली भारतीय ताडपत्रे शोधून त्यांनी त्यांच्या नकला व छायाचित्रे पाटण्यास आणली. त्यांत धर्मकीर्तीचे ‘प्रमाणवार्तिक’ होते. ते संपादित झाले, छापले गेले, इतरांनी तपासले, त्यातील चुका दाखविल्या.

आणि त्या ग्रंथात शब्दाविषयी काय आहे? ७ व्या शतकातील या आचार्याने शब्दाची नित्यता आणि वेदाची अपौरुषेयता यांचे सविस्तर खंडन केले आहे. वेदाला प्रमाण मानणे, जगाचा कर्ता मानणे, स्नानाने पुण्य मिळते असे मानणे, जातीचा गर्व बाळगणे आणि देहदंडाने पाप जाते असे मानणे ही जडबुद्धीची पाच लक्षणे त्यांनी सांगितली. तिबेटने आमच्यासाठी खरोखर जपून ठेवले ते हे.

८. एक आक्षेप

निष्पक्षपणे एक आक्षेप विचारात घेतला पाहिजे. ‘मौनाचा ध्वनी’ या पुस्तकातील करुणेची शिकवण, सर्व दुःखितांसाठी स्वतःचे निर्वाण बाजूस ठेवणाऱ्या बोधिसत्त्वाचा आदर्श, अनेकांना भावला. जपानी पंडित डी. टी. सुझुकी यांनी त्याची प्रशंसा केली. १९८९ च्या शताब्दी आवृत्तीस १४ व्या दलाई लामांचे प्रास्ताविक आहे. शिवाय थिऑसॉफिस्टांचे उपकारही आहेत. ऑलकॉट यांनी १८८१ मध्ये बौद्ध प्रश्नोत्तरी लिहिली, सिंहलद्वीपात बौद्ध शाळा उभारल्या, मद्रासेत अस्पृश्य मुलांसाठी शाळा काढल्या आणि १८९८ मध्ये पंडित अयोथीदास यांना साहाय्य केले. अनागारिक धर्मपाल यांना पालि शिकण्याचा सल्ला तर खुद्द ब्लाव्हाट्स्कीबाईंनी दिला होता.

हे सर्व आम्ही कृतज्ञतेने मान्य करतो. परंतु पुस्तकातील एखादी शिकवण चांगली असणे आणि ते पुस्तक प्राचीन बौद्ध असणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. करुणेला खोट्या वंशावळीची गरज नाही. महायान सूत्रेही बुद्धांनंतर रचली गेली, असे कोणी म्हणेल; खरे आहे. परंतु त्यांची हस्तलिखिते आहेत आणि २ ऱ्या शतकापासूनचे चिनी अनुवाद आहेत. त्यांचा काळ ठरविता येतो, त्यांच्याशी वाद घालता येतो. ज्या ग्रंथाशी वाद घालण्याची सोयच ठेवलेली नाही, तो ग्रंथ नसून आज्ञा असते.

समारोप

बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १९५७ मध्ये प्रकाशित झालेल्या ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ या ग्रंथात बुद्धवचन ओळखण्याची कसोटी दिली. बुद्ध बुद्धिवादी होते. म्हणून जे विवेकाला व तर्काला धरून आहे ते त्यांचे मानावे, आणि मानवाच्या कल्याणाशी ज्याचा संबंध नाही अशा चर्चेत ते कधी पडले नाहीत. महापदेसांची परंपराच या कसोटीत आधुनिक भाषेत बोलते. ती तिपिटकालाही लागू करावी, असे त्यांचे म्हणणे होते. मग न सापडलेल्या पोथीला तीतून सूट कशी मिळावी?

आपल्या विहारांतून तरुण वाचकांनी या बाबतीत एक सवय लावून घ्यावी, असे आम्हांस वाटते. ‘प्राचीन बौद्ध ग्रंथात असे म्हटले आहे’ हे वाक्य कानी पडताच शांतपणे विचारावे : ग्रंथाचे नाव काय? निकाय कोणता, सुत्त कोणते? प्रत कोठे आहे आणि ती मी वाचू शकतो काय? विचारणाऱ्याला उद्धट म्हटले जाईल, श्रद्धाहीन म्हटले जाईल. त्याने डगमगू नये. केसपुत्तच्या कालामांना तथागतांनी शंका घेतल्याबद्दल दोष दिला नव्हता. शंका घ्यावयाच्या ठिकाणीच तुम्ही शंका घेतली, असे म्हटले होते.

तिपिटक आज देवनागरीत छापलेले आहे, त्यातील अनेक ग्रंथ मराठीत आलेले आहेत आणि विहाराच्या कपाटाला कुलूप नाही. ज्यांच्या पूर्वजांना ऐकण्याचीही मनाई होती, त्यांच्या मुलामुलींना आज मूळ पालि वाचता येते. त्यांनी ते वाचावे.